खड्ड्यातलं पाणी

आसाराम साळ्याच्या घरात हत्ती आला, तेव्हा आमच्या आळीत पुष्कळ दिवस दुसरा विषय नव्हता. हत्ती हे नाव आळीने दिलेलं. होता तो पत्र्याचा डबा, माझ्या कमरेला लागेल एवढा, खाली चाकं, डोक्यावर मोटर आणि पोटातून निघालेली लांब रबरी सोंड. साखर कारखान्यात जमिनीवर सांडलेलं पाणी, रस, भुसा, जे पडेल ते ओढून घ्यायला तो परदेशातून आणला होता. ओलंही ओढायचा, सुकंही ओढायचा. सुक्याला आत कापडी पिशवी लावायची आणि ओल्याला ती काढायची, एवढीच त्याची अट. ती कोणीतरी पाळली नाही, मोटर जळली आणि हत्ती भंगारात गेला.

तिथून तो कादरने लिलावात उचलला. कादर आळीच्या टोकाला राहतो, कारखान्यात वायरमन आहे, आणि मोडकी वस्तू दिसली की त्याच्या हाताला खाज सुटते. मोटरची तार त्याने घरीच नव्याने गुंडाळली. मग डबा ढकलत ढकलत आसारामच्या दारात आणला नि म्हणाला, "काका, माज्या घरात याला काय काम न्हाई. तुमच्या खड्ड्याचं पानी वढंल."

खड्डा म्हणजे काय हे हल्ली सांगावं लागतं. आमच्याच घरातली पोरं विचारतात, तर बाहेरच्यांना काय बोलायचं? आमची आळी साळ्यांची, म्हणजे विणकरांची, संगमनेरच्या खालच्या अंगाला, नदीजवळ. पूर्वी प्रत्येक घरात खड्डामाग होता. बाहेरच्या खोलीत, भिंतीला धरून, बसल्यावर पाय मोकळे सुटतील एवढा खोल खड्डा. त्याच्या काठावर बसायचं, पाय आत सोडायचे, पायाखाली लाकडी पावड्या. पावडी दाबली की ताण्याचे, म्हणजे उभे धागे वरखाली होतात, मधून आडव्या धाग्याचा धोटा मारायचा. खड्ड्याचा तळ मातीचा, शेणाने सारवलेला. फरशी तिथे चालत नाही. मातीतली ओल सुताला लागते, कोरड्यात सूत तटातट तुटतं. साळ्याच्या घरात थोडी ओल म्हणजे लक्ष्मीच.

पुढे ही लक्ष्मी डोक्यावर बसली. सगळीकडे ऊस झाला, पाट वाढले, आणि कालव्याला पाणी सुटलं की जमिनीतलं पाणी वर वर यायला लागलं. आधी खड्ड्याचा तळ चिकचिकला, मग घोटाभर पाणी, मग त्याच्या वर. एकेका घराने खड्डा बुजवला. कोणी इचलकरंजीला गेलं, कोणी मालेगावला, यंत्रमागावर. आमचा खड्डा बुजवला त्या दिवशी आमच्या घरात कोणी जेवलं नव्हतं. आता तिथे ज्वारीची कणगी आहे आणि माझे मालक कारखान्याच्या फाटकावर काठी घेऊन उभे राहतात. रडून रडून किती रडणार? आम्ही गप्प झालो.

आसाराम गप्प झाला नाही. एकाहत्तर साल उजाडलं तेव्हा आळीत त्याचा एकट्याचा माग चालू होता. रुईफुली काठाचं लुगडं विणावं तर त्यानेच, हे मी नाखुशीने का होईना, कबूल करते. मुलगा भीमा इचलकरंजीला होता. तो दर दिवाळीला म्हणे, "आबा, चला तिकडं." आसाराम एकदा जाऊन आला. यंत्रमागापाशी थोडा वेळ उभा राहिला आणि परत येऊन म्हणाला, "तिथं मानूस मागाचा नोकर असतोय. मला न्हाई जमायचं. माझा माग उठला, तर समजा मीच उठलो."

बोलणं मोठं होतं. पण त्या बोलण्याचं पाणी काढत होती छबूबाई, त्याची बायको. मागावर ताणा चढलेला असला की खड्ड्यात बादली उतरत नाही. पावड्या आणि दोऱ्या आडव्या येतात. म्हणून ती पालथी झोपायची, ताण्याच्या खाली हात घालायची, जुन्या धोतराच्या बोळ्याने पाणी टिपायची आणि घमेल्यात पिळायची. टिपायचं, पिळायचं. सकाळी, दुपारी, दिवेलागणीला. तिचे खांदे त्याच्यातच गेले. वेणी घालायला हात मागे जात नव्हता, मी घालून द्यायची. आसारामच्या पायांना बारमाही चिखल्या. ते पाणी खारं होतं, जखमेत मिठासारखं चावायचं. तो तसाच पाय सोडून बसायचा आणि ती तशीच पालथी पडायची.

"रंगू, या खड्ड्यानं माझा जलम पिऊन टाकला बघ," असं ती मला म्हणायची, आणि म्हणून झाल्यावर पुन्हा आत जायची.

म्हणून हत्ती आला तेव्हा मला खरोखर आनंद झाला. कादरने स्वतःच्या घरातून वायर ओढली. छबूबाईने डब्याला हळदकुंकू वाहिलं. खटका दाबल्याबरोबर असा आवाज सुटला की कौलावरची कबुतरं उडाली. कादरने सोंड पावड्यांच्या मधून खाली सरकवली. पाणी घशात घरघर वाजावी तसं वाजत वर चढलं आणि बघता बघता तळ उघडा पडला. डबा भरला की आत तरंगणारी एक वाटी वर येऊन मोटरकडचं भोक बंद करायची आणि मोटरचा सूर चिरका व्हायचा. मग मोटर बंद करून झाकण काढायचं आणि डबा चाकांवर दारापर्यंत ढकलून पाणी गटारीत ओतायचं. छबूबाईला हे एका खेपेत आलं. सोंड हातात धरून ती हसत होती. तिचं हसणं मी किती वर्षांनी ऐकलं, देव जाणे.

"आता तुजे हात मोकळे जाले," आसाराम म्हणाला. "धोट्याच्या चार कांड्या जास्त भरून देशील." कौतुक करायची त्याची ही रीत.

काही दिवस खरंच बरे गेले. कालव्याचं आवर्तन सुटलं तरी खड्डा कोरडा. त्याच्या पायाच्या चिखल्या सुकल्या. माग दिवसभर वाजायचा. दिवाळीत भीमा आला की त्याला कोरडा खड्डा दाखवायचा, तो परत आळीत राहायला येतो का बघायचं, असं आसारामच्या मनात होतं. तो बोलून दाखवायचा नाही, पण छबूबाईला कळायचं आणि तिच्याकडून मला.

त्याच सुमारास पारनेरहून छबूबाईची नणंद मनकर्णा आली. तिकडे पावसाने पाठ फिरवली होती, बायका हंडे घेऊन रानोमाळ हिंडत होत्या. छबूबाई डबा गटारीत ओतायला गेली तर हिने तिचं मनगट धरलं. "अगं, पानी सांडतीस? डोकं ठिकानावर हाय का?" आणि ओंजळ भरून तोंडाला लावली. दुसऱ्याच क्षणी थुंकून टाकली. मग ती उंबऱ्यावर बसून गटारीतून जाणाऱ्या पाण्याकडे बघत राहिली. छबूबाईने रांजणातलं पाणी आणून दिलं, ते ती प्यायली. जाताना एवढंच म्हणाली, "देवाला वाटनी येत न्हाई बाई."

आता मातीचं सांगते. आधी हत्तीच्या पोटातून नितळ पाणी निघायचं. मग गढूळ निघायला लागलं. मग डब्याच्या तळाशी माती बसायला लागली, बारीक, मऊ, लोण्यासारखी. छबूबाईने ती दाखवली तेव्हा आसाराम खूश झाला. विहिरीचा गाळ काढला की विहीर निरोगी होते, हे आमच्याकडे सगळ्यांना माहीत. त्याला वाटलं, खड्ड्याचंही तसंच. "निघू दे, निघू दे. सगळा गाळ निघाला की झरा आपसूक बसंल." कादरही मान डोलवत म्हणाला, "मशिन लई ताकदीचं हाय, काका." त्याला मोटर कळत होती. जमिनीच्या पोटात काय चाललंय, हे ना त्याला कळत होतं, ना आसारामला, ना मला.

आणि ती माती टाकवत नव्हती. आमच्याकडे चांगल्या मातीला बाया सोन्यासारखं जपतात. छबूबाईने तीत शेण कालवलं आणि बाहेरच्या खोलीच्या भिंती सारवल्या. अशा गुळगुळीत झाल्या की हात फिरवावासा वाटे. मीही घमेलंभर नेली, शेजारच्या गोजरबाईने नेली, आळीतल्या अर्ध्या चुली त्या मातीने लिंपल्या. त्या भिंतीच्या पायाखालचीच माती काढून आपण त्या भिंतीला फासतोय, हे एकीच्याही डोक्यात आलं नाही. कसं येणार? पाणी उपसताना पाण्याकडे बघतात, मातीकडे कोण बघतं?

बघणारा एकच होता, तो माग. लुगड्याचा एका बाजूचा काठ ढिला यायला लागला. आसारामने ताणा ताणून धरणारी दोरी त्या बाजूने आवळली. दोन हात कापड सरळ आलं, पुन्हा काठ ढिला. मागाचा भिंतीकडचा खांब खचत होता, पण साळ्याला काठ ढिला दिसला की तो सुतात खोट काढतो, सूत बरं निघालं तर त्याला लावायच्या पेजेच्या खळीत, आणि खळ नेहमी बायकोने केलेली असते.

"खळ पातळ केलीस. लक्ष कुठं असतंय तुजं?"

"रोजच्यासारखीच केली."

"मग काठ का लोंबतोय? हत्ती आल्यापासनं तू आळशी जालीस."

हे मी माझ्या दारातून ऐकलं आणि मला असा राग आला! जिने बोळे पिळून पिळून खांदे घालवले, ती आळशी? मी जाऊन बोलणार होते. पण नवराबायकोच्या मध्ये पडू नये म्हणून बसून राहिले. छबूबाईने दुसरी खळ केली, घट्ट. त्याने दोरी आणखी आवळली. काठ पुन्हा ढिला.

भाद्रपदात कालव्याला जोराचं पाणी सुटलं. त्या दिवशी छबूबाईने सकाळपासून कितीतरी डबे ओतले आणि प्रत्येक डब्यात पाण्याइतकाच चिखल. दुपारी आसाराम विणत होता, ती पलीकडे कांड्या भरत होती. मी वाती वळत दारात बसले होते. आवाज फार झाला नाही. पोतं सरकावं तसा एक आवाज, आणि मग छबूबाईची हाक. नाव नव्हतं त्या हाकेत, नुसताच आवाज होता.

मी धावले. खड्ड्याची भिंतीकडची बाजू आत आली होती. भिंतीच्या पायातले दगड, माती, सगळं आसारामच्या पायांवर. खांब बुडाला होता आणि त्याच्याबरोबर पुढचा दांडा, ज्यावर विणलेलं लुगडं गुंडाळतात तो, खाली येऊन त्याच्या मांड्यांवर बसला होता. तो कमरेपर्यंत गाडलेला आणि तोंड पांढरंफटक. भिंतीला उभी भेग पडलेली, तीतून उजेड येत होता.

आणि पाणी चढत होतं. दगडांच्या फटीतून खळखळ वर येत होतं. छबूबाईने मागचापुढचा विचार न करता खटका दाबला आणि सोंड त्याच्या मांडीशी खुपसली. पाणी उतरलं. आम्हाला वाटलं, सुटलो. तेवढ्यात भिंतीतून आणखी एक दगड सुटून खाली आला, आणि आसाराम असा ओरडला की अजून कधी कधी माझ्या कानात येतं.

कादर त्या दिवशी घरी होता. दारातल्या गटारीत साचलेला चिखल बघतच तो आत आला आणि कळून चुकल्यासारखा ओरडला. "बंद करा, काकी! पान्यासंगं माती जातीया! भिंत येईल खाली!"

"बंद केलं तर पानी चढंल!" छबूबाई म्हणाली. "बुडतील ते!"

"चालू ठेवलं तर गाडले जातील!"

ती सोंड धरून उभी. तिने माझ्याकडे बघितलं. कादरने वायर उपटली. हत्ती गप्प झाला आणि पाण्याचा आवाज ऐकू यायला लागला.

मग आळीतला गोरक्षनाथ आला, आणखी दोघे आले. हातांनी, तव्याने, घमेल्याने माती काढायला लागले. पाणी आसारामच्या बेंबीपर्यंत आलं. दगड निघत होते, पण तो दांडा हलेना. ताणा खोलीभर ताणलेला, दोरी आसारामनेच इतके दिवस आवळत आणलेली, त्या ताणाने दांडा त्याच्या मांड्यांवर घट्ट धरला होता. गोरक्षनाथ साळीच आहे. त्याने एकदा ताण्याकडे बघितलं, एकदा छबूबाईकडे, आणि मान खाली घातली.

आमच्या आळीत अर्धा विणलेला ताणा कापत नाहीत. लुगडं पुरं झाल्याशिवाय त्याला धार लावायची नाही, मग घरात लग्न असो की मयत. अर्धा ताणा एकदाच कापायचा, विणणारा गेल्यावर, आणि तो तुकडा त्याच्या अंगावर घालून न्यायचा. गोरक्षनाथ जिवंत माणसाच्या मागाला हात लावेना, कादरला तर कोणी लावूही दिला नसता.

छबूबाई आत गेली आणि विळा घेऊन आली.

"नगं," आसाराम म्हणाला. इतका वेळ कण्हणारा माणूस एकदम स्पष्ट बोलायला लागला. "अगं, नगं. थोडंच राह्यलंय. छबे, हात जोडतो तुला. पानी काढा, मी निघतो. ताना नगं कापू."

तिने त्याच्याकडे बघितलंच नाही. विळा घालून तिने एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत ताणा कापला. तटतट तटतट धागे तुटत गेले, दांडा सैल झाला, आणि कादरने आणि गोरक्षनाथने त्याला बखोटीला धरून वर ओढलं. पाय बाहेर आले तेव्हा मी तोंड फिरवलं. तो बेशुद्ध होता, ते बरंच झालं.

त्याला टेम्पोत घालून नगरला नेलं. उजवा पाय गुडघ्याखाली काढावा लागला. डावा राहिला, पण घोट्याच्या पुढे त्याला काही कळत नाही. भीमा इचलकरंजीहून येऊन दवाखान्यात बापाजवळ बसला. छबूबाई मधे एकदा आळीत आली, तीही एका कामासाठी. तिने गोरक्षनाथला आणि आमच्या मालकांना बोलावून सांगितलं, "खड्डा बुजवा."

"त्यास्नी इचारलं का?" गोरक्षनाथ म्हणाला.

"मी सांगतीया न्हवं?"

त्यांनी भिंत टेकू देऊन सावरली, खड्ड्यात दगड भरले, वर मुरूम टाकून चोपला. माग मोडून लाकडं मागच्या पडवीत रचली. जमीन मी आणि गोजरबाईने सारवली. इतकी सपाट झाली की खाली काही होतं, हे नव्या माणसाला खरं वाटलं नसतं. हत्ती कादरने आपणहून उचलून नेला. त्याने तो पुन्हा भंगारात घातला, आणि तेव्हापासून कादर आसारामच्या दारावरून जाताना आळीच्या दुसऱ्या बाजूने जातो.

आसारामला घरी आणलं त्या दिवशी कालव्याला पुन्हा पाणी सुटलेलं होतं. भीमाने त्याला पाठुंगळी आणलं आणि बाहेरच्या खोलीत भिंतीला टेकवून बसवलं. त्याने इकडेतिकडे बघितलं. मग हात लांब करून जमिनीवर तळवा टेकवला आणि तसाच फिरवत राहिला.

"कोरडं हाय," तो म्हणाला.

"व्हय," छबूबाई म्हणाली.

"माझे पाय गेले म्हनून बुजवला?"

मला वाटलं ती हो म्हणेल. हो म्हणणं सोपं होतं आणि त्यालाही ते ऐकायचं होतं. आम्ही सगळे तिथेच उभे होतो, आमच्यापैकी कोणीही हो म्हटलं असतं. ती त्याच्यासमोर खाली बसली.

"न्हाई. तुमचे पाय धड असते तरी बुजवला असता. मला आता पानी काढायचं न्हाई. मी लई दमले."

इतकी वर्षं तिने कधी हे त्याच्या तोंडावर म्हटलं नव्हतं, आणि त्यानेही कधी विचारलं नव्हतं. मला तिचा अभिमान वाटला आणि त्याची दयाही आली, आणि दोन्हींचा काही उपयोग नव्हता.

"मग मी काय करू?" त्याने विचारलं. भांडत नव्हता तो. खरंच विचारत होता.

"मला काय म्हाईत," छबूबाई म्हणाली, आणि भीमाला भूक लागली असेल म्हणून उठून चूल पेटवायला गेली.